चुलीपुढची बाई

३ ऑक्टोबर २००६, मंगळवार

अंबरीषसाहेब गेले पुण्याला परत, कुटुंबासकट — आणि कचरा आमच्यासाठी ठेवून गेले. तीन वर्षांचं जपानमधलं पोस्टिंग संपलं, रविवारी टॅक्सी आली, सगळ्यांचे निरोप घेऊन झाले. आज बघतो तर १०३ च्या दाराबाहेर, मीटरच्या फळीखाली, ढीग. फुटका कुकर, तीन छत्र्या, मुलीची मोडकी सायकल, कॉम्प्युटरच्या वायरींचा गुंता. काहीही वेगळं केलेलं नाही.

शुक्रवारी पॅसेजमध्ये आगीच्या खात्याची तपासणी आहे. नोटीस लागली आहे. नेगिशी-सान ढिगासमोर उभे होते. ते आमच्या इमारतीचे केअरटेकर, सदुसष्ट वर्षांचे, हातात कायम झाडू. काही बोलले नाहीत. त्यांचं न बोलणंच मला लागतं.

या इमारतीत नऊ बिऱ्हाडं आपली. कुठेही कचरा चुकला की सगळे आपल्याकडे बघतात, आणि बहुतेक वेळा बरोबरच बघतात. म्हणून गेल्या वर्षी तक्ता मी केला. कुठला कचरा कुठल्या वारी, मराठीत आणि हिंदीत. चंद्रहासदादा म्हणाले, छापल्यासारखं अक्षर आहे रे तुझं. (चंद्रहासदादा २०४ मधले इंजिनिअर. इथल्या भारतीयांच्या वतीने तेच बोलतात.) शाळा अकरावीत सुटली, अक्षर तेवढं राहिलं. तेव्हापासून मी कचरामंत्री. नाव त्यांनीच ठेवलं.

उद्या जेवणाचे डबे ऑफिसांकडे रवाना झाले की आवरतो.


४ ऑक्टोबर, बुधवार

दुपारी अडीच ते साडेसहा. ढीग संपला.

सगळ्यात जास्त वेळ सात गोल पत्र्याच्या डब्यांनी खाल्ला. ताटाएवढे, चपटे, जांभळ्या कापडात गाठोडं बांधलेले, ढिगाच्या अगदी कडेला. झाकणं गंजलेली. पहिलं उघडलं आणि मागे सरलो — व्हिनेगरचा वास, नाकात घुसणारा! सुलेखावहिनींच्या स्वयंपाकघरात, जिथे मी डबे करायला असतो, नियमच आहे, नको त्या वस्तूला आंबूस वास आला की विचार करायचा नाही, टाकायची. पण आत लोणचं-बिणचं नव्हतं. तपकिरी टेपची गुंडाळी होती. कडा पापडासारख्या वाकड्या, वर पांढरी भुकटी. अंबरीषसाहेबांच्या ऑफिसातली जुनी टेप असणार. ते असलं काहीबाही घरी आणत.

नियम असा आहे की लांब वस्तू पन्नास सेंटिमीटरच्या आत कापून द्यायची. उलगडायला गेलो तर थरावर थर चिकटलेले. मग मास्क, हातमोजे, आणि मोठी सुरी. कोबी चिरतात तशा एकेका गुंडाळीच्या चार फाका केल्या. सात गुंडाळ्यांच्या अठ्ठावीस. त्या प्लॅस्टिकच्या, म्हणून न जळणाऱ्यांत. डबे साबणाने घासले. झाकणांवर जपानी लिहिलेले कागद होते, ते भिजवून खरवडले. जपानी मला बोलता येतं, वाचता येत नाही.

उद्या सकाळी न जळणाऱ्यांची गाडी. सहाला खाली नेऊन ठेवणार.


६ ऑक्टोबर, शुक्रवार

तपासणी झाली. पॅसेज आरशासारखा. नेगिशी-साननी मान थोडी जास्त वाकवली, असं वाटलं. वहिनी पोळ्या लाटता लाटता सगळ्यांसमोर म्हणाल्या, गुणवंत नसता तर आपल्याला या इमारतीत कुणी ठेवलं नसतं. पोळी करपली. बरं वाटलं.


१५ ऑक्टोबर, रविवार

लिहू नये असं वाटतं. तरी नीट लिहितो.

१०२ चे इनागाकी-सान इस्पितळातून परत आले. पोटाचं ऑपरेशन होतं, पंधरा दिवस नव्हते. वय एकोणऐंशी, एकटेच राहतात. मला जपानी बोलायला त्यांनीच शिकवलं, दोन वर्षं, रोज दुपारी अर्धा तास. माझं पूर्ण नाव त्यांच्या तोंडात बसत नाही, ते 'गुण-सान' म्हणतात. त्यांना पथ्याचं म्हणून मुगाची खिचडी घेऊन गेलो. दारात कम्युनिटी हॉलच्या एक बाई उभ्या होत्या, हातात पोस्टरांची गुंडाळी. १२ नोव्हेंबरला हॉलमध्ये सिनेमा आहे — इनागाकी-साननी स्वतः काढलेला!

मला कधी बोलले नव्हते. आज बसवून सांगितलं. त्यांचं गाव नीगाताच्या डोंगरात. लढाई संपून सहा वर्षं झालेली, हे चोवीस वर्षांचे. सरकारकडून एक बाई सायकलवर गावात यायची, बायकांना नवी चूल बांधायला शिकवायला, धुराडं असलेली, म्हणजे घरात धूर कोंडणार नाही. गावातल्या तरुण मंडळाने कुणाकडून तरी कॅमेरा मागून आणला आणि वर्षभर गाव टिपलं. बर्फ, भाताची लावणी, कापणी, चूल. 'आमच्या गावाचं एक वर्ष'. शाळेत चार-पाच वेळा दाखवला. पुढे माणसं शहराकडे गेली, शाळा बंद पडली. मंडळाचे शेवटचे अध्यक्ष हेच, म्हणून सिनेमा यांच्याकडे आला. दुसरी प्रत नाही. त्यांनी स्वतः तो शेवटचा पाहिला त्याला त्रेचाळीस वर्षं झाली. आता टोकियोतला एक माणूस तयार झाला आहे. जुन्या फिल्मवरून नवी प्रत काढून देणार, आणि बारा तारखेला गावची राहिलेली माणसं बघायला येणार.

मग म्हणाले, घरात फार वास येत होता म्हणून इस्पितळात जाताना सिनेमाचे डबे हवेशीर जागी ठेवून गेलो. मीटरच्या फळीखाली. सात. जांभळ्या कापडात. गुण-सान, तू पाहिलेस का?

मी म्हणालो, "कसले डबे?"


१६ ऑक्टोबर, सोमवार

कसले डबे, असं मी विचारलं. मी.


१८ ऑक्टोबर, बुधवार

मनात तीच तीच मांडणी करतो. ढीग आपल्या माणसाचा होता, ढिगाला लागून गाठोडं होतं, म्हणून गाठोडंही आपल्या माणसाचं. जपानी माणूस दाराबाहेर काही टाकून ठेवेल हे माझ्या डोक्यातच आलं नाही. पसारा म्हणजे आपला. घाण वास म्हणजे आपला. दोन वर्षं मी हेच बघत आलो, हेच आवरत आलो. जांभळ्या कापडाची गाठ किती नीट होती! अंबरीषसाहेबांना चपलासुद्धा जोडीने ठेवता येत नाहीत. गाठ सोडताना मला कळायला हवं होतं.

आज दुपारी डब्यांची चौकशी करायला मॅनेजमेंट कंपनीचा माणूस आला. पॅसेजची जबाबदारी कुणाची, तर नेगिशी-सानची. त्यांना इनागाकी-सानच्या दारात उभं केलं. नेगिशी-सान कमरेत वाकले, तसेच राहिले. मी टाकले नाहीत, असं एकदाही म्हणाले नाहीत. लक्ष नव्हतं, चूक झाली, एवढंच दोनदा. मी जिन्यावर जेवणाचे रिकामे डबे घेऊन उभा. सगळं ऐकलं.

कंपनी त्यांना महिनाअखेर घरी बसवणार आहे.


१९ ऑक्टोबर, गुरुवार

कचऱ्याच्या कार्यालयात फोन केला. न जळणारा कचरा गोळा झाल्यावर कुठे जातो? बाईंनी गोड आवाजात सांगितलं, आधी दळतात, मग खाडीत भराव टाकतात. मी आभार मानले. फोन ठेवल्यावरही वाकलेलाच होतो.


२१ ऑक्टोबर, शनिवार. लक्ष्मीपूजन

वहिनींकडे सगळे जमले होते. फराळ आठ दिवस मीच केला आहे, हाताला अजून चकलीचा वास आहे. पूजा झाल्यावर चंद्रहासदादांना गॅलरीत घेऊन गेलो आणि सांगितलं. पहिल्यांदाच कुणाला तरी सांगितलं.

ते आधी हसले. त्यांना वाटलं गंमत करतोय. मग दार लावून घेतलं. म्हणाले, डिसेंबरमध्ये नऊच्या नऊ घरांचे करार नवे व्हायचे आहेत. घरमालक आधीच कुरकुरतोय, मसाल्याचा वास, मुलांचा दंगा. तू तोंड उघडलंस की त्याला कारण मिळालं. माझ्या जुईची शाळा इथे आहे. वहिनींचं स्वयंपाकघर इथे आहे. तुझी खोलीसुद्धा वहिनींच्या नावावर आहे, हे लक्षात ठेव.

मी नेगिशी-सानचं विचारलं. म्हणाले, त्यांना पेन्शन आहे. आणि तू मुद्दाम केलंस का? नाही ना? झालं तर मग.

आत आल्यावर त्यांनी मला सगळ्यांत मोठा अनारसा वाढला. जुई जपानीत काहीतरी म्हणाली, मी हसलो नाही म्हणून परत म्हणाली.


२४ ऑक्टोबर, मंगळवार

भातात दोनदा मीठ घातलं. वहिनींनी चाळीस डबे थांबवले, भात नवा लावला. दुपारी सगळे गेल्यावर ओट्यापाशी उभं करून म्हणाल्या, घरी कुणाचं काही बरंवाईट आहे का? आईची तब्येत?

मग वहिनींनाही सांगितलं. नेगिशी-सानचं आणि चंद्रहासदादांचंही.

त्या बराच वेळ ओटा पुसत राहिल्या, पुसलेलाच ओटा. शेवटी म्हणाल्या, "खोली माझ्या नावावर आहे ना? मग चंद्रहासला काय करायचंय. तू जा आणि सांगून ये. पण जेवून जा."


२६ ऑक्टोबर, गुरुवार

सांगितलं.

दुपारी तीन वाजता. इनागाकी-सानच्या चटईवर गुडघे टेकून बसलो आणि तारखांसकट सांगितलं. ढीग, वास, सुरी, अठ्ठावीस फाका, साबण, कागद. 'कसले डबे' हेही सांगितलं. नेगिशी-सानचा काही संबंध नाही, हे तीनदा.

ते खिडकीकडे बघत होते. चहा गार झाला. रागावतील म्हणून मी वाट बघत होतो. रागावले असते तर बरं झालं असतं.

मग त्यांनी विचारलं, "कापताना काही दिसलं का?"

काही दिसलं नव्हतं. तपकिरी, चिकटलेलं, वास मारणारं. माझं लक्ष सुरीवर होतं, बोट कापू नये म्हणून. उजेडात एक तुकडासुद्धा धरून पाहिला नव्हता. खरं उत्तर एका शब्दाचं होतं.

पण त्यांचा चेहरा असा होता की मी तो शब्द उच्चारू शकलो नाही. त्यांचा सिनेमा शेवटचा ज्याच्या हातात होता तो मी, आणि त्यानेही काही पाहिलं नाही, हे कसं सांगायचं? मी म्हणालो, "दिसली. एक बाई. चुलीपुढे."

ते वळले. माझ्याकडे इतका वेळ बघत राहिले की मला वाटलं, पकडला गेलो. मग अगदी हळू विचारलं, "ती काय करत होती?"

चूल पुसत होती, म्हणालो.


२७ ऑक्टोबर, शुक्रवार

नेगिशी-सान राहणार! इनागाकी-साननी स्वतः कंपनीला फोन केला. म्हणाले, पॅसेजमध्ये सामान ठेवायची बंदी आहे, ती मी मोडली, चूक माझी, ज्याने उचललं त्याने नियमाने उचललं. माझं नाव घेतलं नाही. नेगिशी-सानकडे मी स्वतः गेलो, आणि वाकलो. ते म्हणाले, डबे फार स्वच्छ धुतले होतेस, पाच तारखेला गाडीत चढताना पाहिले मी.

म्हणजे त्यांना ठाऊक होतं, कुणाचं काम ते. आणि सांगितलं नाही.

चंद्रहासदादा जिन्यात भेटले, मान वळवून गेले. ठीक आहे.

पण काल मी खोटं बोललो. एक चूक निस्तरायला गेलो आणि दुसरी करून आलो.


२९ ऑक्टोबर, रविवार

खिचडी घेऊन गेलो. घास तोंडात जायच्या आधी प्रश्न. कोणत्या कापडाने पुसत होती?

मी जपानी चुलीपुढे कुणाला बसलेलं पाहिलेलं नाही. एकाच बाईला चुलीपुढे पाहिलं आहे. तेवढंच माझ्याकडे आहे, म्हणून तेच दिलं. कापडाने नाही, म्हणालो, ओल्या हाताने. तळहाताने, कडेकडेने, लहान मुलाचं तोंड पुसतात तशी.

त्यांनी डोळे मिटले. "हं," म्हणाले. "पुढे?"

त्यांच्या देवघराच्या कपाटात बायकोचा फोटो आहे. सेत्सु-सान. पिकल्या केसांची, चष्मा लावलेली, कुठल्या तरी सहलीतली. जाऊन अठरा वर्षं झाली. तरुणपणचा फोटो एकही नाही, म्हणाले. त्या काळी गावात फोटो कोण काढायला बसलं होतं?

मी ज्या बाईबद्दल बोलतोय ती यांची बायको आहे, असं ते धरून चालले आहेत.


२ नोव्हेंबर, गुरुवार

रोज जातो. रोज विचारतात. आज: डोळ्यांत धूर जात होता का?

जात होता. ती डोळे मनगटाच्या मागच्या बाजूने पुसत होती, कारण हाताला पीठ होतं. पीठ का सांगितलं! भात खाणारं गाव. लगेच दुरुस्त केलं, हाताला माती असेल, काळं-पांढरं चित्र, नीट कळलं नाही. त्यांनी मान हलवली.

आमच्या गावातही चूल आली होती. शहाऐंशी साल, मी सहा वर्षांचा. निर्धूर चूल. (धू दीर्घ. वहिनींच्या शब्दकोशात पाहिलं.) जीप आली, शाळेच्या भिंतीवर धोतर ताणून सिनेमा दाखवला, सिनेमातली बाई नवी चूल पेटवून हसत होती. आमच्या घरी बसवून गेले. आईने महिनाभर वापरली असेल. तिच्यावर भाकरी फुगत नाही म्हणाली, आणि त्यात कोंबडी बसवली. पिल्लं छान निघाली. आई परत जुन्या चुलीपुढे, आणि आज तिला डाव्या डोळ्याने दिसत नाही. तिचाही तरुणपणचा फोटो नाही.

हे इनागाकी-सानना सांगितलं. कोंबडीचं ऐकून इतके हसले की टाक्यांवर हात धरून बसले. मग म्हणाले, आमच्याकडेही दोन घरांनी त्या चुलीत बटाटे ठेवले होते.


५ नोव्हेंबर, रविवार

हॉलच्या बाई आल्या होत्या. कार्यक्रम रद्द करावा, असं चाचरत म्हणाल्या. इनागाकी-सान म्हणाले, नाही. मी सांगेन.

पूर्वी मुके सिनेमे होते तेव्हा पडद्याशेजारी उभं राहून एक माणूस सगळी गोष्ट सांगायचा. त्यांनी लहानपणी तशी माणसं ऐकली आहेत. पडदा लावा, म्हणाले, खुर्ची ठेवा, बर्फापासून कापणीपर्यंत मला पाठ आहे. आणि चुलीचा भाग गुण-सानने पाहिला आहे. तो माझ्या शेजारी बसेल.

गावची माणसं येणार. त्या स्वयंपाकघरांत वाढलेली माणसं! आणि त्यांच्यासमोर माझ्या आईला जपानी बाई म्हणून उभं करणार.

"आज खरं सांगून टाक," असं जिना चढेपर्यंत स्वतःला पाच वेळा म्हणालो. परत खाली गेलो. त्यांनी दार उघडून विचारलं, चूल पेटवण्याआधी ती थांबली होती का जरा?

थांबली होती, म्हणालो.


९ नोव्हेंबर, गुरुवार

आज शेवटचा प्रश्न होता, असं वाटतं. ती हसली का?

ह्यावर मी खूप विचार केला. आई चुलीपुढे हसताना मला आठवत नाही. म्हणालो, हसत नव्हती. कुणीतरी हाक मारली असावी, तशी वळून बघत होती. पूर्ण नाही, अर्धीच.

त्यांनी पेन्सिलीने कागदावर काहीतरी लिहिलं. बराच वेळ लिहीत होते. मला वाचता येत नाही, हे आज बरंही वाटलं आणि वाईटही.


१२ नोव्हेंबर, रविवार

झालं. जसं झालं तसं लिहितो.

चाळीसेक माणसं. गावची अकरा, बहुतेक सत्तरीच्या पुढची, नीगाताहून पहाटेच्या गाडीने आलेली. पुढच्या रांगेत सेत्सु-सानची धाकटी बहीण कियो-सान, मांडीवर पिशवी घट्ट धरून. मागे वहिनी. आणि दाराशी, येऊन उभे राहिलेले पण न बसलेले, चंद्रहासदादा, जुईला घेऊन. दिव्यांच्या बटणांपाशी नेगिशी-सान. आज त्यांची सुट्टी होती, तरी आले.

पांढरा पडदा सोडला. नेगिशी-साननी दिवे मंद केले. पडद्यावर काही नाही.

इनागाकी-साननी बसूनच सुरुवात केली. पहिला डबा, म्हणाले, बर्फ. छपरावरून बर्फ ढकलणारे तिघे, मधला घसरतो. मागून एक म्हातारा म्हणाला, तो मीच! सगळे हसले. दुसरा डबा, तिसरा. लावणीच्या बायका पाठमोऱ्या, ओळीने, तोंडाला कापड. माणसं पडद्याकडेच बघत होती, सांगणाऱ्याकडे नाही. कुणी बोट दाखवायचं — पडद्यावर, रिकाम्या जागी.

पाचवा डबा. चूल.

त्यांनी मला विचारलं नाही. कागद खिशातच राहिला. स्वतःच सांगितलं, मी दिलेलं सगळं, त्याच क्रमाने. ओल्या तळहाताने चूल पुसते, लहान मुलाचं तोंड पुसावं तशी. पेटवायच्या आधी जरा थांबते. डोळे मनगटाच्या मागच्या बाजूने पुसते. भाताचा पहिला घास विस्तवाला देते. हे मी कधी सांगितलं होतं? तीन तारखेला, बोलण्याच्या ओघात. आणि मग, म्हणाले, कुणीतरी हाक मारल्यासारखी वळते. अर्धीच.

तिथे थांबले. आता कुणीतरी उठणार आणि म्हणणार, आमच्याकडे विस्तवाला भात कोण देत होतं?

कुणी उठलं नाही. कियो-सान पिशवीत रुमाल शोधत होत्या. सापडला तरी शोधत होत्या.

मागे वळलो तर वहिनी माझ्याकडे बघत होत्या, टक लावून. बाहेर चपला घालताना माझ्या कानाशी म्हणाल्या, "गुणवंत, तो पहिला घास... ते आपल्याकडचं ना रे?"

मी हो म्हणालो. त्यांनी माझ्या हातातली चहाची पातेली घेतली आणि पुढे चालू लागल्या. रागावल्या की काय, कळलं नाही.

उद्या इनागाकी-सानना खरं सांगणार. लिहून ठेवतो, म्हणजे मागे फिरता येणार नाही. उद्या.


१३ नोव्हेंबर, सोमवार

सकाळी कियो-सानची पिशवी घेऊन स्टेशनपर्यंत गेलो. वाटेत त्या आपणहून म्हणाल्या, "चूल टिपली त्या दिवशी आम्ही सगळ्या बायका देवळामागे लपलो होतो. काजळीचं तोंड कोण दाखवणार? ताई तर सगळ्यांत आधी पळाली. एकही बाई आत गेली नाही. भावोजींनी नुसती चूलच टिपली."

कॅमेरा इनागाकी-सानच्याच हातात होता. म्हणजे २६ तारखेला, मी 'एक बाई' म्हणालो तेव्हाच, त्यांना कळलं होतं. तरी त्यांनी विचारलं, ती काय करत होती?